सातवं अक्षर

गुरुग्राममधल्या एका काचेच्या इमारतीच्या नवव्या मजल्यावर प्रमोदिनी बोरस्ते बसते आणि अमेरिकेतल्या ट्रक ड्रायव्हरांची दुखणी नोंदवते. ते ड्रायव्हर तिनं कधी पाहिलेले नाहीत आणि त्यांचं कण्हणंही कधी ऐकलेलं नाही. तिच्यासमोर पडद्यावर येतात ते तिकडच्या डॉक्टरांनी घाईघाईत लिहिलेले कागद. ते वाचायचे आणि प्रत्येक दुखण्याला त्याचा कोड लावायचा, एवढंच तिचं काम. आई शेजारणींना सांगते, "आमची पमा डॉक्टरांची कारकून आहे." प्रमोदिनीला ते मान्य आहे. पण या कारकुनीत काय काय दडलंय ते आईला कसं सांगावं, हे तिला बारा वर्षांत जमलेलं नाही.

त्या कोडांचं पुस्तक म्हणजे एक अचाट चीज आहे. माणसाच्या देहाला जे जे होऊ शकतं त्या सगळ्याला त्यात जागा आहे. गाईनं लाथ मारली तर एक कोड, पोपट चावला तर दुसरा. नोकरीच्या पहिल्या महिन्यात प्रमोदिनी हसत हसत पानं उलटत होती आणि ट्रकच्या पानांशी आल्यावर थांबली. ट्रक होता, हा माणूस त्याचा ड्रायव्हर होता, धडक दुसऱ्या अवजड गाडीशी झाली आणि ती रहदारीच्या रस्त्यावर झाली, इतकी सगळी हकिगत चार अक्षरांत मावत होती. पुढची दोन घरं रिकामी, म्हणून तिथं नुसत्या फुल्या. राजा प्रवेश करेपर्यंत भालदार-चोपदार जागा धरून उभे असतात ना, तशा. आणि मग सातव्या घरात राजा.

सातव्या घरात 'ए' आलं तर जखमेवर उपचार चालू आहेत. 'डी' आलं तर माणूस सुधारतोय. आणि 'एस' आलं तर अपघात संपला, जखम भरली, टाके निघाले, पण त्या अपघातानं मागं ठेवलेलं काहीतरी अजून माणसाच्या अंगात राहतंय.

"हे एस किती वर्षांपर्यंत लावायचं?" तिनं शिकवणाऱ्या बाईंना विचारलं होतं.

"मुदत नाही," बाई म्हणाल्या. "दहा वर्षं, तीस वर्षं. माणूस असेपर्यंत."

प्रमोदिनीच्या अंगावर काटा आला होता. ट्रकवाल्याची मुलगी ती. तिचे वडील, अंबादास बोरस्ते, निफाडची द्राक्षं आझादपूरच्या मंडईत आणायचे. मालक गाझियाबादचा, म्हणून तेही बिऱ्हाड घेऊन गाझियाबादला आले तेव्हा प्रमोदिनी पाच वर्षांची होती आणि धाकटा केतन पाळण्यात. ड्रायव्हरांची मोडकी हाडं, वाकडे खांदे, रात्री दचकून उठणं हे तिनं लहानपणापासून ट्रान्सपोर्टनगरात पाहिलं होतं. त्या सगळ्याची कुणीतरी, कुठंतरी, इतकी बारीक दखल घेतं, एका अक्षराची खुर्ची राखून ठेवतं, हे तिला देवळात गेल्यासारखं वाटलं होतं. अजूनही वाटतं. छत्तिशी आली, लग्नाचा विषय घरात आता कुणी काढत नाही, रोज वैशाली स्टेशनहून मेट्रो धरून राजीव चौकात गाडी बदलायची दगदग काही चुकत नाही. पण 'एस' लावायची वेळ आली की तिचं बोट कळफलकावर क्षणभर थांबतं.

आणि इतकं असून स्वतःच्या घरातलं तिला दिसलं नाही.

घरातली गोष्ट पेटली ती यंदाच्या अक्षय्य तृतीयेला. प्रमोदिनीच्या ऑफिसातला निहार आणि त्याचे वडील शशिकांतकाका जेवायला यायचे होते. निहार तिच्या कामातल्या चुका तपासणारा. आर. के. पुरमच्या सरकारी क्वार्टरात वाढलेला, त्यामुळं मराठी अर्धं हिंदीत बोलणारा, पण पुरणपोळीचं नाव काढलं की शुद्धीवर येणारा. तिची आई, विठाबाई, दोन दिवस राबत होती. तिचा घरी भाजलेला काळा मसाला हा गाझियाबादेतल्या त्या चार मजली इमारतीचा मोठा विषय होता. मसाला भाजायला काढला की बाकीचे तिन्ही मजले खोकायचे आणि संध्याकाळी तेच वाटी घेऊन यायचे.

पाहुणे आले तशी फोडणी चुरचुरली. दारात उभ्या अंबादासनी मान मागं टाकली, छाती भरून श्वास घेतला आणि म्हणाले, "वा! काय घमघमाट सुटलाय! कटाची आमटी आहे शशिकांतराव. आमच्या विठाच्या हातची."

शशिकांतकाका खूश. पानं वाढली. आणि पहिला भुरका घेतल्याबरोबर त्याच अंबादासनी तिखटाचा डबा ओढला. एक चमचा घातला, दुसरा घातला. वर मीठ. पुन्हा भुरका घेतला आणि वाटी बाजूला सारली. "छे! कशात काही राम नाही. माती खाल्ल्यासारखं लागतंय."

निहारचा घास हातातच राहिला. शशिकांतकाकांनी "नाही नाही, उत्तम झालंय वहिनी" असं तीनदा म्हटलं, आणि तिसऱ्यांदा म्हणाले तेव्हा ते अधिकच वाईट वाटलं. विठाबाईनं आग्रह करून सगळ्यांना वाढलं, पाहुण्यांना पोळ्या बांधून दिल्या. ते गेल्यावर तिनं पुरणयंत्र घासलं, कोरडं केलं, वर्तमानपत्रात गुंडाळलं आणि आपल्या प्रवासाच्या बॅगेत ठेवलं.

"केतनला फोन लाव," ती प्रमोदिनीला म्हणाली. केतन चाकणला कारखान्यात होता. "तिकीट काढ म्हणावं. माझं एकटीचं."

"आई, किती दिवस?"

"दिवस कसले विचारतेस? आता तिकडंच."

"अगं, बाबांचा स्वभावच तसा झालाय, तू काय मनावर—"

"स्वभाव?" विठाबाई तिच्याकडं वळली. "नाक कसं आहे त्यांचं, बघितलंस ना? दारातून आमटी ओळखली. खालची पंजाबीण राजमा करते तो इथं बसून ओळखतात. दुसऱ्यांचा वास गोड आणि माझंच जेवण माती! अकरा वर्षं ऐकतेय मी. ट्रक सोडून घरी बसले तेव्हापासून. पमा, मला दुसरं काय येत होतं गं? मी काय कलेक्टर होते? हाताला चव होती तेवढी. तिचीपण माती केली. आता नाही."

तिकीट बाराव्या दिवसाचं मिळालं, बुधवारचं. त्या दिवसापासून विठाबाईनं नवऱ्यापुढं ताट ठेवायचं, मागं वळायचं आणि तो जेवेपर्यंत गॅलरीत उभं राहायचं, असं सुरू केलं. अंबादास मुकाट्यानं जेवत. चाळीस वर्षांचा संसार, आणि घरात आवाज फक्त चमच्याचा.

असे चार दिवस गेले आणि पाचव्या दिवशी प्रमोदिनीच्या पडद्यावर एक कागद आला.

अमेरिकेतला कुणी एकसष्ट वर्षांचा माणूस. पूर्वी ट्रक ड्रायव्हर. वजन घटलंय म्हणून दाखवायला आलेला. डॉक्टरनं लिहिलं होतं, नऊ वर्षांपूर्वी ट्रकला मागून दुसऱ्या ट्रकची धडक, डोक्याला मार, त्या वेळी टाके घालून घरी सोडलं. वास येत नाही. आणि खाली, रोग्याचंच वाक्य म्हणून: बायको म्हणते, मी तिच्या स्वयंपाकाला नावं ठेवतो.

प्रमोदिनीनं वास जाण्याचा कोड आधी लावला, कारण राहिलेलं दुखणं आधी लिहायचं अशी रीत आहे. मग डोक्याच्या माराचा, मग ट्रकच्या धडकेचा, आणि दोन्हींच्या सातव्या घरात एस. तासाभरात निहार तिच्या खुर्चीमागं उभा.

"ताई, ये क्या किया? चूक काढावी लागतेय तुमची. बारा वर्षांत पहिली."

"काय चुकलं?"

"एस कशावरून लावलंत? डॉक्टरनं कुठं म्हटलंय की वास अपघातामुळं गेला?"

"अरे, सरळ दिसतंय ना! मागून धडक बसली, डोकं आपटलं, नंतर वास गेला."

"नंतर. बिल्कुल. पण सर्दीनंसुद्धा जातो, वयानंसुद्धा जातो. तुम्हीच शिकवलंत मला, की आपण अंदाज करायचा नाही. अंदाज डॉक्टरचा, अक्षर आपलं." मग त्यानं आवाज उतरवला. "घरी सब ठीक? काकू?"

"बुधवारी चालली."

निहार आपल्या जागेवर गेला. तिनं एस काढलं आणि रीतीप्रमाणं डॉक्टरला प्रश्न पाठवला. या प्रश्नालाही नियम आहेत. त्यात उत्तर लपलेलं चालत नाही. 'अपघातामुळंच ना?' असं विचारलं की ते पत्र परत येतं. आपल्या मते कारण काय, ते कृपया नोंदवावं, आणि सांगता येत नसेल तर तसं नोंदवावं, बस्स.

उत्तर दोन दिवसांनी आलं. डॉक्टरनं लिहिलं होतं: वास जाणं हा नऊ वर्षांपूर्वीच्या ट्रक अपघातातल्या डोक्याच्या माराचा कायमचा परिणाम. वास नसल्यानं अन्नाची चवही लागत नाही. पत्नीला समजावून सांगितलं.

पत्नीला समजावून सांगितलं. हे वाक्य प्रमोदिनीनं किती वेळा वाचलं ते तिलाच ठाऊक. नवव्या मजल्यावरचे ते शेकडो पडदे, ती थंड हवा सगळं मागं सरलं आणि तिच्या डोळ्यांपुढं उभा राहिला अकरा वर्षांपूर्वीचा दिवस. मथुरेच्या अलीकडं बाबांच्या ट्रकला मागून ट्रेलर धडकला होता. हाडं शाबूत, डोक्याच्या मागल्या बाजूला नऊ टाके. चौथ्या दिवशी घरी. सगळे म्हणाले, देवानं वाचवलं. त्यानंतर बाबांनी दोन खेपा केल्या असतील नसतील, आणि एके सकाळी किल्ल्या मालकाच्या टेबलावर ठेवून आले. "कंटाळा आला," एवढंच म्हणाले. ट्रान्सपोर्टनगरात बोभाटा झाला, बोरस्ते घाबरला. तेव्हापासून ते एका गोदामाच्या फाटकावर खुर्ची टाकून बसतात.

पण ती अडली. ती घमघमाटाची वाहवा कुठं बसवायची? राजमा?

घरी आल्याबरोबर तिनं आई स्वयंपाकघरात आहेसं पाहून बाबांना हळूच विचारलं, "बाबा, तुम्हाला वास येत नाही ना?"

"कोण म्हणतं?" अंबादास ताड्कन म्हणाले. तेवढ्यात आत काही तडतडलं. "हे बघ, आत्ता तुझ्या आईनं जिरं टाकलं. येत नाही म्हणे!"

जिरंच होतं. प्रमोदिनी हात-पाय धुवायला गेली. रात्री अंथरुणावर पडल्यावर तिच्या ध्यानात आलं, की कामावर तिनं चूक दुरुस्त केली आणि घरी येऊन तीच चूक पुन्हा केली. उत्तर हातात देऊन प्रश्न विचारला. तसं विचारल्यावर माणूस 'हो' म्हणतो नाही तर भांडतो, खरं सांगत नाही.

रविवारी सकाळी विठाबाई केतनच्या मुलांसाठी काही घ्यायला बाजारात गेली. प्रमोदिनीनं तीन वाट्या घेतल्या, वर ताटल्या झाकल्या आणि बाबांसमोर बसली.

"बाबा, डोळे मिटा."

"हे काय आता? पोरखेळ?"

"मिटा तर. मी काही सांगणार नाही. तुम्ही सांगायचं."

घर शांत होतं. गॅस बंद, कढई पालथी. तिनं कॉफीची वाटी त्यांच्या नाकाशी धरली. अंबादासनी तसाच छाती भरून श्वास घेतला. चेहऱ्यावर काही उमटलं नाही. भुवई हलली, कान जणू टवकारले गेले.

"जिरं," ते म्हणाले.

तिनं दुसरी वाटी धरली. पुन्हा तो मोठा श्वास. "चहाची पत्ती."

तिसऱ्या वाटीत तिनं कपाळाला लावायचा बाम घातला होता. त्यांनी मान मागं घेतली. "हे गार आहे. डोळ्याला झोंबतंय." आणि आनंदानं म्हणाले, "बाम! बाम आहे. बघ!"

झोंबणं वेगळं आणि वास वेगळा, हे प्रमोदिनीला तिच्या कागदांनी शिकवलं होतं. तिनं 'बरोबर' म्हटलं नाही, 'चूक' म्हटलं नाही. त्या शांततेनंच अंबादासनी डोळे उघडले. दुसरी वाटी समोर होती. काळाभोर मसाला, वाटीभर.

"हा... तिचा मसाला?"

"हो."

त्यांनी ती वाटी हातात घेतली. नाकाला लावली, अगदी टेकवली. नाकाच्या शेंड्याला मसाला लागला. मग वाटी मांडीवर ठेवली आणि आवाज चढू न देता सांगू लागले.

"दवाखान्यातून आलो ना, तेव्हाच कळलं. साबणाला वास नाही. म्हटलं, येईल. दुसऱ्या खेपेला सेंधव्याच्या घाटात उतरत होतो. जोडीदार झोपला होता, तो एकदम ओरडत उठला, 'ओ बोरस्ते, लायनर जळतंय!' केबिन धुरानं भरत चाललेली, आणि मला काही नाही. पमा, ब्रेक तापले तर सगळ्यात आधी नाकाला कळतं. डोळ्याला कळेपर्यंत उशीर झालेला असतो. खाली घाट, पुढं एक बस चाललेली. बसमध्ये मागल्या काचेला पोरं चिकटलेली. गाडी थांबली कशी ते माझं मला माहीत." त्यांनी नाकावरचा मसाला पुसला. "आझादपूरला माल उतरवला आणि किल्ल्या दिल्या."

"सांगितलं का नाहीत कुणाला? सगळे म्हणाले घाबरला!"

"म्हणू देत. घाबरलोच होतो."

"आणि आईला?"

अंबादास मसाल्याकडं पाहत राहिले. "तिला काय सांगू? की तू करतेस ते मला कळत नाही? ती करते कुणासाठी? म्हटलं, निदान वास आल्यासारखं करावं. फोडणी ऐकू येते. मोहरी वेगळी तडतडते, जिरं वेगळं, लसूण वेगळा. वाफ दिसते. पुरणाचा दिवस असला की सकाळीच डाळ शिजायला पडते. जमून गेलं." ते ओशाळं हसले. "पण पान पुढं आलं की नाही जमायचं. पोटात आग आणि तोंडात भुसा. तिखट-मीठ तेवढं कळतं, म्हणून तेच ओतत राहायचो. मग तोंडातून जायचं काहीतरी."

प्रमोदिनी त्यांच्याकडं पाहतच राहिली. अकरा वर्षं! पडदा नाही, मध्यंतर नाही, समोर एकच प्रेक्षक आणि तोही इतका जाणता, की मिठाचा खडा कमी पडला तर ओळखावा. त्या प्रेक्षकापुढं या माणसानं रोज दोन वेळा, नुसत्या कानाच्या आधारावर, नाक वठवलं होतं. रंगभूमीवर जन्म काढलेल्यांनी उठून उभं राहावं असं ते काम. आणि घाटातली ती बस! त्या बसमधल्या एकाही माणसाला ठाऊक नव्हतं, की गाझियाबादचा एक ड्रायव्हर त्यांच्यापायी आयुष्यभराचा पेशा सोडून फाटकावर जाऊन बसला.

"तिला सांगू नकोस," अंबादास म्हणाले. "जाऊ दे तिला केतनकडं. तिथं खाणारी तोंडं आहेत. तिचं चीज होईल."

"आणि जाताना ती 'माती' घेऊन जाईल, त्याचं काय?"

अंबादासनी वाटीवर पुन्हा ताटली झाकली.

प्रमोदिनीच्या जिभेवर सगळं आलं होतं. आई पिशव्या घेऊन दारात आली तेव्हा धावत जाऊन सांगावंसं वाटलं. पण तिनं ओठ आवळले. अंदाज तिचा चालत नव्हता. आणि मुलीनं बापाची बाजू घेतली असं आईनं म्हटलं असतं, तर तो एकच डाव वाया गेला असता. सोमवारी तिनं रजा टाकली. आईला म्हणाली, "बाबांना सरकारी दवाखान्यात दाखवायचंय. तू नुसती बस सोबत."

"मी कशाला? माझी बांधाबांध राहिलीय."

"जायच्या आधी एवढं कर. मग काही सांगणार नाही तुला."

विठाबाई कुरकुरत आली आणि बाकावर नवऱ्यापासून दोन माणसांची जागा सोडून बसली.

कान-नाक-घशाच्या डॉक्टर विजयालक्ष्मी नावाच्या होत्या, पन्नाशीच्या, दक्षिणेकडल्या. हिंदी तुटक, पण नजर धारदार. प्रमोदिनीनं अपघाताची आणि ट्रक सोडल्याची, अशा फक्त दोन तारखा सांगितल्या आणि मागं सरली. डॉक्टरनं दुर्बीण घालून नाक पाहिलं, छोट्या बाटल्या एकेक करून हुंगायला दिल्या, जुने डोक्याचे फोटो उजेडाला धरले. मग विचारलं, "स्मेल कब से नहीं आता?"

अंबादासनी बायकोकडं पाहिलं. विठाबाई भिंतीवरचं कॅलेंडर वाचत होती.

"बाबूजी, कब से?"

"ग्यारह साल."

कॅलेंडरावरची नजर हलली नाही, पण विठाबाईच्या हातातली पिशवी खाली पडली. ती उठली. "खोटं! झूठ बोल रहे हैं, डॉक्टरीणबाई. सब वास आता है इनको. राजमा पहचानते हैं, नीचे का!"

डॉक्टर अंबादासकडं वळल्या. "राजमा किस दिन बनता है?"

"इतवार को," अंबादास खालमानेनं म्हणाले. "साडेअकरा बजे. पाच शिट्ट्या होतात त्यांच्या कुकरच्या. डाळीला तीनच."

विठाबाई नवऱ्याकडं पाहत होती, अनोळखी माणसाकडं पाहावं तशी. मग डॉक्टरनं एक कागद ओढला आणि नाकाचं चित्र काढलं. नाकाच्या वर जिथं मेंदू सुरू होतो तिथं त्यांनी पेन्सिलीनं बारीक बारीक रेघा ओढल्या. केसांहून बारीक तंतू असतात म्हणाल्या, हाडाच्या चाळणीतून खाली उतरलेले. डोक्याला मागून जोराचा हिसका बसला की मेंदू आत हलतो आणि हे तंतू तुटतात. बाहेर रक्त नाही, सूज नाही, काही दिसत नाही. लवकर आले असते तर सराव करून पाहिला असता, पण इतक्या वर्षांनी परत येणं कठीण. आणि खाण्याची चव म्हणतो आपण, त्यातली बरीचशी नाकाचीच असते. "खाना तो आप अच्छा ही बनाती होंगी, माताजी. इन तक पहुँचता नहीं."

मग त्यांनी लिहिलं. प्रमोदिनीनं बारा वर्षांत हजारो डॉक्टरांची वाक्यं वाचली होती, पण लिहिलं जाताना एकही पाहिलं नव्हतं. पेन चालत होतं: वास व चव जाणं, अकरा वर्षांपूर्वीच्या ट्रक अपघातातील डोक्याच्या दुखापतीमुळं झालेला कायमचा परिणाम. खाली सही. तिच्या डोळ्यांत पाणी आलं आणि बाहेरची रांग, खोकणारी माणसं, सगळं धूसर झालं.

परतताना ई-रिक्षात विठाबाई मधे बसली. मोहननगरच्या चौकात ती पुढं बघतच म्हणाली, "अकरा वर्षं मला वाटत होतं, माझा हात गेला."

अंबादासनी तिच्या हातातली पिशवी आपल्याकडं घेतली.

"शेजारपाजारचे वाहवा करायचे, मला वाटायचं माझं मन राखतात. खरं बोलणारे तुम्ही एकटेच. म्हणून तुमचंच लागायचं." ती त्यांच्याकडं वळली. "आणि तुम्ही, दारात उभं राहून, वा काय घमघमाट! मला वेड लागायचं राहिलं हो. लाज नाही वाटली?"

"वाटायची," अंबादास म्हणाले.

"मग सांगायचं ना माणसानं!"

"तू स्वयंपाक करायचं सोडलं असतंस."

"सोडलं असतं कशावरून? मला विचारलंत?"

रिक्षावाल्यानं आरशातून मागं पाहिलं आणि पुन्हा रस्त्याकडं नजर वळवली. घर येईपर्यंत विठाबाई बोलत राहिली. कोणत्या दिवाळीला, कोणत्या बारशाला, कुणाकुणासमोर ते काय म्हणाले होते, तारीखवार. अंबादास "हो", "म्हटलं होतं", "चुकलं" असं एकेक कबूल करत गेले. प्रमोदिनीला वाटलं, संपलं, बुधवार काही टळत नाही. कारण कळलं म्हणून दुखणं थोडंच जातं. हे तिच्याइतकं कुणाला ठाऊक असणार?

घरी आल्यावर विठाबाईनं पदर खोचला, स्वयंपाकघरात स्टूल ओढलं आणि हाक मारली, "इकडं या. बसा."

अंबादास येऊन बसले. तिनं ओट्यावर डबे मांडले. चिंचेचं बुटुक, गूळ, मेथीदाणे, हिरवी मिरची, कच्चा कांदा, दही, भाजलेले शेंगदाणे, लिंबू.

"आता खरं सांगायचं. माझ्यासाठी म्हणून एक शब्द बोलायचा नाही. खोटं बोललात तर बुधवारी गेलेच मी." तिनं पहिलं बोट त्यांच्या तोंडाशी नेलं. "काय लागतं?"

"आंबट."

"नुसतं आंबट?"

"आंबट. आणि दातांना करकरलं."

"हे?"

"गोड. गुळाचं म्हणून वेगळं असं काही नाही. नुसतं गोड."

"हे?"

"काही नाही." त्यांनी पुन्हा चावलं. "ओलं आहे. कचकचतंय."

कांदा होता. विठाबाईचा चेहरा पडला, पण हात थांबला नाही. "काही नाही म्हणजे काही नाही?"

"काही नाही, विठा."

प्रमोदिनी चौकटीला टेकून पाहत राहिली. प्रश्नात उत्तर ठेवायचं नाही हे आईला कुणी शिकवलं होतं? ती सुचवत नव्हती, सावरत नव्हती, शाबासकी देत नव्हती. नुसती विचारत होती आणि मिळेल ते उत्तर ऐकून घेत होती, मग ते कितीही वाईट असो. नवव्या मजल्यावर जे जमायला वर्षं गेली, ते या बाईनं अर्ध्या तासात हाती घेतलं होतं. आणि समोर स्टुलावर तो म्हातारा, अकरा वर्षांनी प्रथमच, नाक न वठवता बसला होता.

मधेच केतनचा फोन वाजला. प्रमोदिनीनं उचलला. "आईला विचार, सामान किती आहे? गुरुवारी स्टेशनवर गाडी घेऊन येऊ का?"

विठाबाईनं वळून न पाहता सांगितलं, "त्याला म्हणावं, मी कामात आहे."

मग तिनं चण्याची डाळ जाडसर भरडली, ज्वारीचं पीठ, कांदा, मिरची घालून थालीपीठ थापलं आणि तव्यावर कडेनं इतकं खरपूस होऊ दिलं, की एरवी तिनंच त्याला करपलं म्हटलं असतं. वर दह्याचा गोळा. ताट पुढं ठेवलं. या वेळी ती गॅलरीत गेली नाही, समोर फतकल मारून बसली.

अंबादासनी तुकडा मोडला. चावला. डोळे मिटले, मग आठवून उघडले. तिखटाच्या डब्याकडं हात गेला नाही.

"सांगा," विठाबाई म्हणाली.

"वास नाही. तुझ्या हातचं आहे असं कळत नाही," ते म्हणाले आणि घाबरून तिच्याकडं पाहिलं. ती बसूनच होती. "गरम आहे. वर दही गार. आणि डाळ दाताखाली अशी वाजतेय, की..." त्यांनी दुसरा तुकडा मोडला.

"वाजतेय?"

"वाजतेय."

"उद्या आणखी जाड भरडते," विठाबाई म्हणाली आणि तव्यावर दुसरं टाकायला उठली.